खर्रा : व्यसन आणि परिणाम

खर्रा म्हणजे सुपारी, तंबाखू आणि ओला चुना घोटून केलेले चघळण्याचे मिश्रण. नागपूर, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली या पट्ट्यात बहुतेक गावांच्या पानठेल्यावर मिळते. कातरलेली सुपारी, तंबाखू, चुना आणि पाण्याचे काही थेंब पन्नीत (प्लास्टिकच्या तुकड्यात) घेऊन जोर लावून घासतात. सगळे एकजीव झाले की त्याच पन्नीची पुडी बांधून देतात. धानाच्या रोवणीच्या बांधीवर (शेतात) बायामाणसे तीच पुडी पदराला, खिशाला ठेवून दिवसभर चिमूट-चिमूट गालात धरतात.

खर्‍यात एक नव्हे, दोन व्यसने असतात. चुन्यामुळे तोंडातली लाळ अल्कधर्मी होते आणि तंबाखूतले निकोटिन गालाच्या अस्तरातून झपाट्याने रक्तात उतरते. मेंदूत डोपामिन हे बरे वाटवणारे रसायन वाढते, नाडी व रक्तदाब चढतो. काही तासांत निकोटिन ओसरले की चिडचिड, बेचैनी, डोके जड होणे सुरू होते. पुन्हा चिमूट घेतली की बरे वाटते. ‘खर्‍याने टेन्शन जाते’ हा समज इथूनच येतो. प्रत्यक्षात जाते ते खर्‍यानेच आणलेले टेन्शन.

दुसरे व्यसन सुपारीचे : तिच्यातले अरेकोलिन हे रसायनही सवय लावणारे आहे. ते तोंडाच्या अस्तराखाली कोलॅजनचे तंतू वाढवते. सुपारीतले तांबे ते तंतू घट्ट करते. आधी ठेचा, तिखट भाजी झोंबू लागते, मग गाल पांढुरके व ताठ होतात, शेवटी तोंड उघडत नाही. आपली तीन बोटे एकावर एक उभी धरून दातांमध्ये जात नसतील तर दंतवैद्याकडे तपासणी करावी. गेलेली लवचीकता सहसा पूर्ण परत येत नाही आणि अशा तोंडात कर्करोगाचा धोका मोठा असतो. गालात चिमूट धरायच्या जागी पांढरा चट्टा, किंवा दोन आठवड्यांत न भरणारी जखम दिसली तर तपासणी लांबवू नये. गरोदरपणी तंबाखू खाल्ल्यास बाळ कमी वजनाचे किंवा अपुर्‍या दिवसांचे होऊ शकते.

सोडताना सर्वांत जास्त होणारी चूक म्हणजे तंबाखू टाकून साधी सुपारी धरणे. निकोटिन सुटते, पण तोंड आखडतच राहते. त्याऐवजी ओवा, बडीशेप चालते. पहिले दोन-तीन दिवस सर्वांत कठीण; झोप उडते, पोट साफ होत नाही, भूक वाढते. हा त्रास साधारण दोन ते चार आठवड्यांत निवळतो. तलफेची एकेक लाट काही मिनिटांचीच असते. तेवढ्यात पाणी प्यावे, हात कामात गुंतवावा. तंबाखू सोडायला वापरतात तो निकोटिनचा गम सारखा चावायचा नसतो : चुरचुरले की गालात दाबून ठेवायचा, चव गेली की पुन्हा चावायचा. तोंड उघडत नसेल तर डॉक्टरांच्या सल्ल्याने त्वचेवर लावायची निकोटिनची पट्टी सोयीची. सल्ल्यासाठी 1800-112-356 ही मोफत राष्ट्रीय तंबाखूमुक्ती हेल्पलाइन आहे. गडचिरोलीत 2016 पासून ‘मुक्तिपथ’ हा दारू-तंबाखूविरोधी कार्यक्रम चालवला गेला.