अडकलेला वरचा सुळा

वरच्या जबड्यातला कायमचा सुळा वेळ उलटून गेली तरी हाडात किंवा हिरडीखालीच राहिला आणि आपोआप उतरण्याची शक्यता उरली नाही, की तो अडकला असे म्हणतात. अडकणाऱ्या दातांत अक्कलदाढेखालोखाल याचाच क्रम लागतो. लोकसंख्येत याचे प्रमाण १ ते ३ टक्के असून मुलींमध्ये ते मुलांच्या सुमारे दुप्पट आढळते. अक्कलदाढ काढली तरी सहसा काही बिघडत नाही. सुळ्याचे मूळ मात्र सर्व दातांत लांब, आणि त्याची जागा दातांच्या कमानीच्या नेमक्या वळणावर. म्हणून त्याला जागेवर आणण्यासाठी एवढी खटपट केली जाते.

या दाताचा प्रवासही लांबचा. बाळ चार-पाच महिन्यांचे असतानाच तो नाकाच्या बाजूला, जबड्यात उंचावर घडू लागतो. पाचव्या ते पंधराव्या वर्षांदरम्यान तो सुमारे २२ मिलिमीटर अंतर कापतो आणि साधारण ११-१२ व्या वर्षी तोंडात दिसतो. खाली येताना शेजारच्या, म्हणजे दुसऱ्या पटाशीच्या दाताचे मूळ त्याला वाट दाखवते, असे एक मत आहे. ती पटाशी खुंटासारखी बारीक असेल किंवा मुळात नसेलच, तर सुळा टाळूकडे भरकटण्याची शक्यता वाढते. दुसरे मत आनुवंशिकतेवर भर देते. दोन्हींत तथ्य असावे. टाळूकडे अडकलेल्या सुळ्याला बहुधा जागा पुरेशी असते, तरी तो येत नाही. ओठाकडे अडकलेल्याची अडचण उलट, तिथे दाटीच असते. युरोपीय वंशाच्या लोकांत टाळूकडचे प्रमाण बरेच अधिक आहे.

निदानाचे पहिले साधन बोट. नऊ-दहा वर्षांच्या मुलाचा ओठ उचलून दुधाच्या सुळ्याच्या वरच्या भागात हिरडीवर बोट फिरवले, तर उतरू लागलेल्या सुळ्याचा फुगवटा लागतो. दहाव्या वर्षानंतरही तो लागत नसेल, किंवा एकाच बाजूला लागत असेल, तर एक्स-रे काढावा. दुधाच्या सुळ्याचे मूळही बोटाला लागते आणि फसवते, एवढे ध्यानात ठेवावे. दुधाचा सुळा वेळ होऊनही न हलणे, दुसरी पटाशी कलणे किंवा हलू लागणे, टाळूवर उंचवटा येणे याही खुणा आहेत. मात्र या वयात पुढचे दात थोडे फाकलेले दिसणे पुष्कळदा स्वाभाविक असते. सुळे उतरल्यावर ते बहुधा जवळ येतात.

सुळा टाळूकडे आहे की ओठाकडे, हे एका एक्स-रेवरून खात्रीने कळत नाही. त्यासाठी एक्स-रे यंत्राची नळी बाजूला सरकवून दुसरा एक्स-रे काढतात. चालताना जवळची झाडे मागे जातात आणि चांदोबा मात्र आपल्याबरोबर येतो, तसेच हे: नळी सरकेल त्याच दिशेला सुळ्याची सावली सरकली तर तो दूर, म्हणजे टाळूकडे, उलट सरकली तर ओठाकडे. १९१० मध्ये क्लार्क यांनी मांडलेली ही युक्ती आजही वापरात आहे. सुळ्याच्या दाबाने शेजारच्या पटाशीचे मूळ झिजल्याची शंका असेल, तर सीबीसीटी हा त्रिमितीय स्कॅन करतात. ही झीज दुखत नाही आणि साध्या एक्स-रेत सुटू शकते. किरणोत्सर्ग जास्त असल्याने हा स्कॅन सरसकट प्रत्येकाचा करण्याचे कारण नाही.

वेळेत कळले तर उपाय साधा आहे: १० ते १३ वर्षांदरम्यान दुधाचा सुळा काढायचा. एरिक्सन आणि कुरोल यांच्या १९८८ मधील स्वीडिश अभ्यासात यानंतर ७८ टक्के सुळे योग्य मार्गावर आले. सुळ्याचे टोक दुसऱ्या पटाशीच्या मध्यरेषेच्या अलीकडे असताना हे यश ९१ टक्के, पलीकडे गेले असता ६४ टक्के होते. मात्र त्यात तुलनेसाठी उपचार न केलेला गट नव्हता. २०१५ च्या एका चाचणीत दुधाचा सुळा काढलेल्या गटातले ६९ टक्के सुळे उगवले, पण न काढलेल्या गटातलेही ३९ टक्के उगवले. म्हणजे उपाय उपयोगी आहे, पण पहिल्या आकड्यांइतका खात्रीचा नाही. सुमारे वर्षभरात एक्स-रेत सुधारणा दिसली नाही, तर पुढचा मार्ग धरावा.

तो मार्ग म्हणजे शस्त्रक्रिया आणि तारा. हिरडी व हाड बाजूला करून सुळा उघडा करतात, त्यावर बारीक साखळीचे बटण चिकटवतात आणि हलक्या बलाने तो हळूहळू ओढतात. जखम उघडी ठेवावी की हिरडी पुन्हा शिवून साखळी तेवढी बाहेर काढावी, यावर बराच वाद आहे. टाळूकडच्या सुळ्यांबाबत एक पद्धत दुसरीपेक्षा सरस असल्याचे सिद्ध झालेले नाही. ओठाकडच्या सुळ्यावरची हिरडी मात्र सरळ कापून टाकू नये. घट्ट हिरडीची पट्टी राखली नाही तर पुढे मूळ उघडे पडते. उपचाराला बहुधा दीड-दोन वर्षे किंवा त्याहून अधिक लागतात. सुळा हाडाशी एकजीव झाला असेल, तर तो हलत नाही, उलट आधाराचे दातच त्याच्याकडे खेचले जातात. वय वाढेल तसा हा धोका वाढतो.

ओढणे शक्य नसेल, तर सुळा काढून जागा भरतात, किंवा काढून त्याच रुग्णाच्या योग्य जागी बसवतात. काहीच त्रास नसेल आणि दुधाचा सुळा घट्ट असेल, तर अडकलेला दात तसाच ठेवता येतो. मग भोवती गाठ होत नाही ना, शेजारचे मूळ झिजत नाही ना, हे अधूनमधून एक्स-रे काढून पाहावे लागते.