दादरचा पूल चढली म्हणून राहिलं नाही?

परवा मुलुंडला भाचीकडे गेले, त्याच दुपारी टेस्ट ट्यूब उपचारानंतरची तिची दिवस राहिल्याची रक्तचाचणी, बीटा एचसीजी, निगेटिव्ह आली होती. फ्रिजच्या दारात लोण्याशेजारी हॉर्मोनच्या इंजेक्शनांचं रिकामं खोकं अजून तसंच होतं. जावई म्हणाला, "रजा काढ म्हटलं होतं. दादरचा पूल चढत बसलीस, वर टेन्शन." ती काही न बोलता आत गेली.

हे वाक्य घराघरांत बोललं जातं, संसार पोखरतं, आणि ते खोटं आहे. २०११ साली १४ अभ्यासांतल्या ३,५८३ स्त्रियांची माहिती एकत्र तपासली गेली. उपचाराआधीच्या ताणाचा आणि दिवस राहण्या-न राहण्याचा संबंध आढळला नाही. भ्रूण आत सोडल्यावर पडून राहण्याचाही फायदा दिसलेला नाही.

मग होतं काय? भाची ३८ वर्षांची, पण तिची स्त्रीबीजं तिच्याहून जुनी! ती आईच्या पोटात असतानाच त्यांचं विभाजन सुरू होऊन अर्ध्यावर थांबलं. गुणसूत्रांच्या २३ जोड्या, प्रत्येकीतली दोघं तेव्हापासून एकमेकांना बिलगून आहेत. त्यांना धरून ठेवतात कोहेसिन या प्रथिनाच्या कड्या. उंदरांवरच्या प्रयोगांत दिसलं की या कड्या पुढे नव्याने घातल्या जात नाहीत, नुसत्या झिजतात. बीजं पक्व करणारं ट्रिगर इंजेक्शन दिलं की थांबलेलं विभाजन पुन्हा सुरू होतं, तर्कूचे, म्हणजे पेशीतल्या ओढणाऱ्या दोऱ्यांच्या जाळ्याचे, धागे गुणसूत्रांना दोन्हीकडून ओढू लागतात. कडी सैल झाली असेल तर अर्धसूत्रं, म्हणजे गुणसूत्राचे जुळे अर्धे भाग, अवेळी सुटतात. एखादं बीजात जास्तीचं राहतं, एखादं ध्रुवपिंडात, म्हणजे बीजाने बाहेर टाकलेल्या छोट्या पेशीत, निघून जातं. भ्रूणात मग ४६ऐवजी ४५ किंवा ४७ गुणसूत्रं. असे बहुतेक भ्रूण रुजतच नाहीत. चाळिशीनंतर निम्म्याहून जास्त बीजांत हे घडतं.

पुरुषात दोष असला तरी सुया बाईच्याच पोटात, आणि बोलणीही तिलाच. मुंबईच्या केईएम रुग्णालयात डॉ. इंदिरा हिंदुजांनी टेस्ट ट्यूब बाळ जन्माला घातलं ते १९८६ साली. त्याच मुंबईच्या लोकलमध्ये आजही संतानप्राप्ती करून देणाऱ्या बाबांची स्टिकरं दिसतात. शंभर टक्के गॅरंटी देणारी जाहिरात, मग ती बाबाची असो की दवाखान्याची, तितकीच खोटी. झिजलेली कडी जोडणारं औषध अजून कुणाकडे नाही.

जावयाला मी ती कडी दुधाच्या बिलामागे काढून दाखवली. बराच वेळ बघून तो म्हणाला, "म्हणजे, पूल चढली नसती तरी?"

"तरीही."

आत भांडी घासल्याचा आवाज थांबला.