काखेतला कळसा: मैत्रीतून फुलणाऱ्या प्रेमकथांची पार्श्वभूमी

रोमान्स कादंबरीत दोघं शेवटी एकत्र येणार, हे वाचकाला पहिल्या पानापासून ठाऊक असतं. उत्सुकता असते ती त्यांना अडवतंय काय याची. नायक-नायिका अनोळखी असतील तर अडसर शोधावा लागत नाही: वैर, गैरसमज, पैसा, घराणं, काहीही चालतं. पण मैत्रीतून प्रेमाकडे जाणाऱ्या कथेत दोघं आधीच जवळ असतात, रोज भेटतात, एकमेकांवर विश्वास टाकतात. मग घोडं अडलंय कुठे? वेगवेगळ्या काळांनी या प्रश्नाला वेगवेगळी उत्तरं दिली आणि त्यातूनच हा कथाप्रकार घडत गेला. जुन्या कथांत अडसर बाहेर होता. पुढे तो दोघांच्या मनात येऊन बसला.

सुरुवातीच्या कथा बालपणच्या सोबत्यांच्या आहेत, कारण मुलगा आणि मुलगी निर्धास्तपणे एकत्र वावरू शकतील असा काळ बहुतेक समाजांत बालपणाचाच होता. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकाच्या आसपास लाँगस या ग्रीक लेखकाने ‘डॅफ्निस आणि क्लोई’ लिहिली. डॅफ्निस पंधराचा, क्लोई तेराची. दोघंही टाकून दिलेली, मेंढपाळांनी वाढवलेली मुलं. त्यांना एकमेकांची ओढ वाटते, पण हे काय होतंय ते कळत नाही. फिलेटस नावाचा म्हातारा गुराखी त्यांना प्रेमदेवतेची ओळख करून देतो. इथे अडसर आहे तो निव्वळ अजाणतेपणाचा. बाराव्या शतकातल्या फ्रेंच ‘फ्लोरिस आणि ब्लांशफ्लूर’मध्ये राजपुत्र आणि बंदिवान स्त्रीची मुलगी एकत्र वाढतात, एकत्र शिकतात. दोघांच्या मनात कसलीच शंका नाही. शंका आई-वडिलांना येते आणि ते मुलीला विकून टाकतात. फारसी कवी निझामीने 1188 साली रचलेल्या ‘लैला-मजनू’तही ओळख पाठशाळेतली आहे आणि विरोध घरच्यांचा.

या जुन्या कथांत एक जपानी कथा मला सगळ्यात आधुनिक वाटते. दहाव्या शतकातल्या ‘इसे मोनोगातारी’चा तेविसावा भाग जेमतेम दोन पानांचा असेल. विहिरीजवळ खेळणारी दोन मुलं मोठी होतात आणि एकमेकांना लाजू लागतात. दोघांनीही मनाशी एकमेकांनाच जोडीदार ठरवलेलं आहे, तरी बोलत कोणीच नाही. शेवटी तो कविता पाठवतो: विहिरीच्या कठड्याला लावून जी उंची मोजायचो, ती तू न दिसलेल्या दिवसांत कठड्याच्या वर गेली. ती उत्तर देते: तुझ्या केसांशी लावून बघायचे ते माझे केस खांद्याखाली आले, ते तुझ्याशिवाय कोणासाठी बांधू? कबुलीसाठी दोघांनीही फक्त त्या दोघांनाच माहीत असलेली वस्तू वापरली. आजही या प्रकारातली चांगली कबुली अशीच लिहिली जाते. ‘माझं तुझ्यावर प्रेम आहे’ हे कोणीही कोणालाही म्हणू शकतं. कठड्याची आठवण मात्र एकाच माणसाला सांगता येते.

मोठ्या माणसांची मैत्री हा पुढचा टप्पा. त्यासाठी लग्न म्हणजे सोबत, नवरा-बायकोंनी एकमेकांशी बोलावं, हा विचार रुजावा लागला. तो रुजल्यावर आलेली जेन ऑस्टिनची ‘एमा’ ही या प्रकाराची पहिली पक्की बांधणी म्हणता येईल. ती डिसेंबर 1815 मध्ये बाजारात आली; मुखपृष्ठावर साल 1816 आहे. एमा एकवीस वर्षांची होत आलेली, नाइटली तिच्यापेक्षा सोळा वर्षांनी मोठा. त्याचा भाऊ तिच्या बहिणीचा नवरा. घरात येण्या-जाण्याला कोणाची हरकत नाही, दोघांकडे पैसा आहे, लग्नाला विरोधही नाही. बाहेरचा अडसर जवळजवळ शून्य! उरतो तो एवढाच की एमाला स्वतःचं मन कळलेलं नाही.

पंचावन्न प्रकरणांच्या या कादंबरीत वळणं कुठे येतात ते मोजून बघण्यासारखं आहे. अडतिसाव्या प्रकरणात नाचाच्या कार्यक्रमात एमा सुचवते, की आपण काही नाचू नये इतके बहीण-भाऊ नाही. त्यावर नाइटली ‘बहीण-भाऊ! छे, मुळीच नाही’ अशा अर्थाचं ठासून बोलतो. नात्याचं जुनं नाव इथे दोघांच्या तोंडून मोडीत निघतं, आणि तेही प्रेमाचा शब्द न उच्चारता. पुढे बॉक्स हिलच्या सहलीत एमा एका गरीब बाईची चेष्टा करते आणि नाइटली तिला खडसावतो. एवढं स्पष्ट बोलण्याचा अधिकार जुन्या मित्रालाच असतो, म्हणूनच ते तिच्या जिव्हारी लागतं. सत्तेचाळिसाव्या प्रकरणात एमाची मैत्रीण हॅरिएट सांगते की तिचं मन नाइटलीवर जडलंय, आणि एमाला क्षणात स्वतःचं मन कळतं. म्हणजे जाणीव येते ती कथेचा सहावा भाग उरलेला असताना. हॅरिएटला कोणी खलनायिका म्हणणार नाही. ती साधी मुलगी आहे, तिच्या आशेला कारणं आहेत आणि त्या आशेला खतपाणी एमानेच घातलेलं आहे.

एकोणपन्नासाव्या प्रकरणातली कबुली तर मैत्रीच्या आधारावरच उभी आहे. बागेत फिरताना नाइटली काहीतरी सांगायला लागतो. तो हॅरिएटबद्दल बोलणार असं वाटून एमा त्याला थांबवते. तो दुखावतो आणि गप्प होतो. मग तिलाच राहवत नाही: मित्र म्हणून जे सांगायचं ते सांग, मी ऐकेन. त्या ‘मित्र’ शब्दापाशीच तो अडखळतो, आणि मग सगळं बोलून टाकतो. स्वतःला त्रास झाला तरी मैत्री निभावायची, या तिच्या निर्णयामुळेच कबुली शक्य होते. मैत्रीने जन्माला घातलेली ही कबुली आहे, आणि दोनशे वर्षांत या जागी याहून चांगली युक्ती फार थोड्यांना सुचली.

‘एमा’चा एक धागा मात्र आजच्या वाचकाला खुपतो. ती तेरा वर्षांची असल्यापासून आपलं तिच्यावर प्रेम होतं, असं नाइटली नंतर थट्टेच्या सुरात म्हणतो. वयातलं मोठं अंतर आणि वडीलधारेपणाचा सूर आता चालत नाही. म्हणून आजच्या कथांत दोघं बहुधा बरोबरीच्या वयाची असतात आणि ओळख लहानपणची असली तरी आकर्षणाची सुरुवात सज्ञान वयात दाखवतात.

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ‘बहिणीसारखी’ नायिका फार दिसते. चार्ल्स डिकन्सच्या ‘डेव्हिड कॉपरफील्ड’मध्ये (1849-50) डेव्हिड आधी डोराशी लग्न करतो. ती वारल्यानंतर बऱ्याच काळाने त्याला कळतं की आयुष्यभर धाव घेतली ती बहिणीसारखी मानलेल्या ॲग्नेसकडेच. काखेत कळसा, गावाला वळसा. अडचण अशी की वळसा सगळा डेव्हिडचा आणि वाट बघणं सगळं ॲग्नेसचं. तिला स्वतःची कथाच उरत नाही. एलिझाबेथ गॅस्केलच्या ‘वाइव्ज अँड डॉटर्स’मध्ये नायिका मॉलीला हे थांबणं सोसावं लागतं, पण कथा तिच्या बाजूने सांगितलेली असल्याने ते वाचकाला आतून कळतं. 1865 च्या नोव्हेंबरमध्ये शेवटचा भाग लिहायचा राहिलेला असताना गॅस्केल वारल्या. मॉली आणि तिचा मित्र रॉजर यांचं लग्न होणार, हे कादंबरी क्रमशः छापणाऱ्या मासिकाच्या संपादकाने टिपण जोडून सांगितलं. इतक्या पानांनी जपलेली मैत्री आणि कबुलीचा प्रसंगच नाही!

1874 च्या ‘फार फ्रॉम द मॅडिंग क्राउड’मध्ये टॉमस हार्डीने या प्रकाराचं वर्मच सांगितलं. स्त्री-पुरुषांच्या प्रेमात सहकाऱ्याची दोस्ती क्वचित मिसळते, कारण ते एकत्र येतात ते करमणुकीत, कामात नव्हे, असं तो शेवटाकडे म्हणतो. पुढच्या शतकाने ही अट पुरी केली. मुलं-मुली एकाच वर्गात बसू लागली, एकाच कचेरीत काम करू लागली, तशी या कथांना नवी जागा मिळाली.

त्याआधी एक ठिणगी पडली होती. ‘लिटल विमेन’चा पहिला भाग 1868 मध्ये आला आणि नायिका जो व तिचा मित्र लॉरी यांचं लग्न व्हावं म्हणून मुलींची पत्रं येऊ लागली. लुइसा मे अल्कॉटने रोजनिशीत लिहून ठेवलं की कोणाला खूश करण्यासाठी मी जोचं लग्न लॉरीशी लावणार नाही. 1869 च्या दुसऱ्या भागात जो त्याला नकार देते. सगळ्या मैत्रीचं रूपांतर प्रेमात व्हायलाच हवं असं नाही, ही शक्यता त्या नकाराने कायमची खुली केली, आणि मैत्रीची प्रेमकथा त्यामुळे खरी झाली. नकार येऊच शकत नसेल तर होकाराला किंमत कसली? एल. एम. माँटगोमेरीने ॲन आणि गिल्बर्ट यांच्या कथेत नकार आणि होकार दोन्ही वापरले. 1908 च्या पहिल्या पुस्तकाच्या शेवटी जेमतेम मैत्री होते. 1915 च्या ‘ॲन ऑफ द आयलंड’मध्ये ॲन गिल्बर्टची मागणी नाकारते, कारण तिच्या कल्पनेतला नायक वेगळाच आहे. तसा नायक भेटतोही, पण त्यालाही ती नकार देते. गिल्बर्ट विषमज्वराने मरणाच्या दारात असल्याचं कळतं तेव्हा कुठे तिला आपलं मन उमगतं.

व्यावसायिक रोमान्सच्या धंद्यात हा प्रकार बराच काळ मागे राहिला. मिल्स अँड बून ही प्रकाशनसंस्था 1908 मध्ये लंडनमध्ये सुरू झाली, हार्लेक्विन 1949 मध्ये कॅनडात. मालिकेतल्या पुस्तकाला जागा साधारण 50,000 शब्दांची. एवढ्यात मैत्री मुरवून मग मोडणं कठीण; अनोळखी, गर्विष्ठ नायक पहिल्या प्रकरणात येऊन धडकला की काम लवकर होतं. शिवाय जुन्या मालिकांत कथा नायिकेच्याच नजरेतून चाले. 1980 च्या दशकात नायकाची बाजूही सर्रास दाखवायला लागले आणि आपल्या प्रकाराचं गणित बदललं: दोघंही गप्प आहेत, हे दोघांच्याही मनात शिरून वाचकाला कळू लागलं. हा प्रकार मागे राहिलेल्या काळात जॉर्जेट हेयर या लेखिकेचा अपवाद मोठा. ‘कोटिलियन’मध्ये (1953) किटी दुसऱ्याला मत्सर वाटावा म्हणून साध्यासुध्या फ्रेडीशी खोटा साखरपुडा करते, आणि जिंकतो फ्रेडीच. खोटा साखरपुडा या कथांना फार सोयीचा, कारण मैत्री न मोडता प्रेमाची तालीम करता येते.

1989 च्या ‘व्हेन हॅरी मेट सॅली’ चित्रपटाने अडसराचं आजचं रूप लोकांच्या मनात पक्कं केलं: एकत्र आलो आणि बिनसलं, तर मित्रही जाईल. पटकथाकार नोरा एफ्रनच्या पहिल्या मसुद्यात दोघं एकत्र येतच नव्हती. या पटकथेत शरीरसंबंध शेवटाला नाही, साधारण दोन तृतीयांशावर येतो आणि त्यानेच मैत्री तुटते. पामेला रेजिस या अभ्यासकाने 2003 मध्ये रोमान्स कादंबरीचे आठ घटक मांडले. त्यात भेट, अडसर, आकर्षण, कबुली आणि सगळं संपल्यासारखं वाटणारा ‘मरणाचा क्षण’ येतो. मैत्रीच्या कथेत भेट कथेआधीच झालेली असते आणि मरण नात्याच्या दोन्ही पदरांना येतं. ज्याच्यापाशी रडायचं, तोच दुरावलेला असतो.

बऱ्याच कथा फसतात त्या इथेच. मैत्री सांगितलेली असते, दाखवलेली नसते. ‘दहा वर्षांची दोस्ती’ असं वाक्य टाकून लेखक पुढे जातो, मग गमावण्यासारखं काही उरत नाही. पहिल्या दोन-तीन प्रकरणांत दोघांची एक सवय, एक जुना वाद आणि एक उपकार चालू प्रसंगात दाखवला तर पूर्वकथेची पानं भरावी लागत नाहीत. दुसरी चूक गैरसमजाची. अनोळखी माणसं गैरसमज धरून बसतील, पण जुने मित्र सरळ विचारतील; न विचारण्याला भक्कम कारण हवं. तिसरी, ‘आजवर का नाही?’ याला उत्तर नसणं. कोणाचं तरी दुसरं नातं, दूरचं गाव, एकाच घरातला व्यवहार असं काहीतरी खरं कारण लागतं आणि कथा सुरू होताना नेमकं तेच हलावं लागतं. आणि वर्षानुवर्षं थांबलेला नायक वसुली करायला आल्यासारखा वागला, तर वाचक त्याला सोडून जातात. नायिका ही थांबण्याची मजुरी नव्हे.

मैत्री आयती मिळण्याची सोय दोन ठिकाणी झाली. एक, मालिका. जुलिया क्विनच्या ब्रिजर्टन मालिकेत पेनेलोपी आणि कॉलिन यांची कथा चौथ्या पुस्तकात, 2002 मध्ये येते. तोवर वाचक त्यांना तीन पुस्तकं बघत आलेले असतात. दुसरं, फॅनफिक्शन, म्हणजे आवडत्या पात्रांवर चाहत्यांनी लिहिलेल्या कथा. ‘स्टार ट्रेक’ या टीव्ही मालिकेच्या चाहत्यांनी 1970 च्या दशकात कर्क आणि स्पॉक यांच्या प्रेमकथा हौशी नियतकालिकांत छापायला सुरुवात केली. दोघांचं एकमेकांसाठी जीव धोक्यात घालणं पडद्यावर आधीच घडलेलं होतं. लेखकाला फक्त वळण लिहायचं होतं. 2009 मध्ये खुल्या झालेल्या ‘आर्काइव्ह ऑफ अवर ओन’ या फॅनफिक्शनच्या संकेतस्थळावर कथेला खुणेचे शब्द जोडता येतात, आणि ‘मैत्रीतून प्रेम’ ही तिथली रुळलेली खूण आहे.

अभ्यासकांचं लक्ष इकडे उशिरा गेलं. प्रेमाच्या सुरुवातीवरचं संशोधन बहुतेक अनोळखी माणसांच्या पहिल्या भेटीवर बेतलेलं होतं. कॅनडात डॅनू स्टिन्सन आणि सहकाऱ्यांनी 2021 मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात सुमारे 1,900 जणांची माहिती तपासली, तेव्हा दोन तृतीयांश लोकांचं नातं मैत्रीतून सुरू झालेलं निघालं. आजचा वाचक तर मथळ्यापाशीच खूण वाचून येतो. दोघं जुळतील का हा प्रश्न त्याला नसतोच. आधी कोणाला कळेल, कोण किती दिवस लपवेल आणि पहिलं वाक्य कोणाच्या तोंडून निघेल, यावर त्याची नजर असते. म्हणून हप्त्याहप्त्याने लिहिणारे लेखक दोघांना कळण्याच्या वेळा मुद्दाम लांब ठेवतात: एकाला चौथ्या-पाचव्या प्रकरणात, दुसऱ्याला अर्धी कथा उलटल्यावर.