झिरकॉनच्या कणातली दोन घड्याळं

विज्ञानकथांत आणि व्हिडिओ गेममध्ये एक खनिज हमखास भेटतं. जवळ बाळगलं की काळ मंदावतो, मुठीत दाबलं की थांबतो. 'टाइम क्रिस्टल'च्या बातम्या आल्यापासून असं काही खरोखरच सापडलं असावं, असा अनेकांचा समज झाला आहे. टाइम क्रिस्टल ही प्रयोगशाळेत घडवलेली पदार्थाची एक अवस्था आहे. तिच्यातल्या कणांची स्थिती ठरावीक तालात पुन्हा पुन्हा बदलते, इतकंच. शेजारच्या घड्याळाला त्यामुळे काहीही होत नाही.

वस्तुमानाजवळ काळ मंदावतो, हे मात्र खरं. आइन्स्टाइनच्या सिद्धांतानुसार रस्त्यावरचा साधा दगडसुद्धा ते करतो. पण किलोभर वजनाच्या दगडाला टेकवलेलं घड्याळ त्यामुळे एक सेकंद मागे पडायला विश्वाच्या आजवरच्या वयाच्या कोट्यवधी पट काळ लागेल. काळ बदलणारं खनिज कल्पनेतच राहणार. काळाची नोंद ठेवणारं खनिज मात्र आहे, आणि मला ते कुठल्याही कल्पित खनिजापेक्षा विलक्षण वाटतं. ते म्हणजे झिरकॉन.

झिरकॉन हे झिर्कोनियमचं सिलिकेट. ग्रॅनाइटचा शिलारस थंड होताना त्याचे स्फटिक तयार होतात, बहुधा वाळूच्या बारीक कणाएवढे. स्फटिक वाढताना झिर्कोनियमच्या काही जागा युरेनियम पटकावतं, कारण दोघांवरचा विद्युतभार सारखा असतो आणि आकारही जवळपास जुळतो. शिशाचा आयन मोठा, भारही वेगळा; त्याला जवळजवळ प्रवेशच मिळत नाही. म्हणजे स्फटिक जन्मतो तेव्हा त्यात युरेनियम असतं आणि शिसं जवळपास शून्य. पुढे आत जे शिसं सापडतं, ते युरेनियमच्या ऱ्हासातूनच, म्हणजे त्याचे अणू किरणोत्सार करत हळूहळू शिशात बदलण्यातूनच, आलेलं असतं.

खरी गंमत पुढे आहे. युरेनियमचे दोन समस्थानिक, म्हणजे एकाच मूलद्रव्याचे वेगळ्या वजनाचे अणू, एकाच कणात बसलेले असतात. युरेनियम-238 चं शिसं-206 होतं, अर्धायुकाल (निम्मे अणू बदलायला लागणारा काळ) सुमारे 447 कोटी वर्षं. युरेनियम-235 चं शिसं-207 होतं, अर्धायुकाल सुमारे 70 कोटी वर्षं. वेगवेगळ्या गतीची दोन घड्याळं एकाच क्षणी सुरू झालेली! कणाला काही इजा झाली नसेल, तर दोन्ही एकच वय सांगतात.

आणि इजा झाली असेल तर? समजा 440 कोटी वर्षांच्या कणातून अलीकडेच एक तृतीयांश शिसं झिरपून गेलं. गणित केलं तर पहिलं घड्याळ सुमारे 324 कोटी वर्षं दाखवतं आणि दुसरं सुमारे 400 कोटी. दोघांची साक्ष जुळत नाही, म्हणून गडबड लगेच उघडी पडते. पण शिशाचे दोन्ही समस्थानिक रासायनिकदृष्ट्या सारखेच असल्याने ते गळतात एकाच प्रमाणात. त्यामुळे 207 आणि 206 यांचं आपसातलं गुणोत्तर बदलत नाही, आणि त्या गुणोत्तरातून 440 कोटी हे मूळ वय परत मिळतं! शास्त्रज्ञ जॉर्ज वेदरिल यांनी 1956 मध्ये ही जुळणी आलेखावर मांडली. दोन्ही वयं जुळणारे सगळे बिंदू तिथे एका वक्रावर येतात. शिसं गमावलेले कण त्या वक्राखाली एका सरळ रेषेत उतरतात, आणि ती रेषा वक्राला वरच्या बाजूला जिथे छेदते, तिथे खरं वय वाचता येतं.

आता तर खराब भाग आधीच काढून टाकतात. कण सुमारे 900 अंश सेल्सियसला तापवतात, मग हायड्रोफ्लुओरिक आम्लात ठेवतात. किरणोत्साराने खिळखिळा झालेला भाग विरघळतो, निरोगी भाग मागे उरतो, आणि त्याचंच वय मोजतात. पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या जॅक हिल्समधल्या एका कणाचं वय सुमारे 440 कोटी वर्षं निघालं आहे. पृथ्वीचंच वय सुमारे 454 कोटी.

शुक्रासाठी झिरकॉनची अंगठी घाला, असा सल्ला आपल्याकडे सर्रास दिला जातो. त्या अंगठीत अनेकदा कारखान्यात बनलेला क्युबिक झिर्कोनिया असतो, जो झिरकॉन नव्हेच. आणि अस्सल झिरकॉन असला, तरी तो शिलारसातल्या आपल्या जन्माबद्दल सांगतो. बोटात घालणाऱ्याच्या भविष्याबद्दल त्याच्याकडे काहीही नाही.

आपल्या सह्याद्रीचं वयही याच खनिजाने नेमकं केलं. काळ्या बेसॉल्टमध्ये झिरकॉन सहसा मिळत नाही. पण घाटरस्त्यांच्या कापलेल्या कड्यांत लाव्हाच्या दोन थरांमध्ये तांबड्या मातीचे पट्टे दिसतात. दोन उद्रेकांमधल्या उसंतीत ते तयार झाले, आणि काहींत ज्वालामुखीची राख पडून तिच्यातले झिरकॉन अडकले. भूवैज्ञानिक ब्लेअर शोएन आणि सहकाऱ्यांनी ते वेचून मोजले. 2015 च्या त्यांच्या निष्कर्षानुसार सह्याद्रीचे हे थर घडवणाऱ्या दख्खनच्या उद्रेकांचा मुख्य टप्पा डायनोसॉर नष्ट होण्याच्या सुमारे अडीच लाख वर्षं आधी सुरू झाला आणि सुमारे साडेसात लाख वर्षं चालला. 2019 मध्ये याच पद्धतीने त्यांना चार मोठे उद्रेककाळ वेगळे दिसले. त्याच वर्षी दुसऱ्या गटाने आर्गॉन पद्धतीने, म्हणजे पोटॅशियमच्या ऱ्हासातून बनलेला आर्गॉन वायू मोजून, थेट लाव्हाचं वय काढलं. बराचसा लाव्हा डायनोसॉर संपल्यानंतर वाहिला, असं त्यांचं म्हणणं. त्यामुळे डायनोसॉरच्या अंताशी जोडल्या जाणाऱ्या उल्कापाताचा क्षण सह्याद्रीच्या नेमक्या कोणत्या थरात येतो, यावर दोन्ही गटांत मतभेद आहेत.