राष्ट्रसंघ

राष्ट्रसंघ : (लीग ऑफ नेशन्स). पहिल्या महायुद्धासारखे युद्ध पुन्हा होऊ नये म्हणून स्थापन झालेली आंतरराष्ट्रीय संघटना. मुख्यालय जिनीव्हा (स्वित्झर्लंड). ती १० जानेवारी १९२० रोजी अस्तित्वात आली आणि एप्रिल १९४६ मध्ये तिने स्वतःचे विसर्जन केले. संयुक्त राष्ट्रसंघ ही तिची उत्तराधिकारी संस्था. बोलण्यात दोन्हींची बरीच गल्लत होते. या नोंदीत ‘राष्ट्रसंघ’ म्हणजे पहिली संघटना.

अमेरिकेचे अध्यक्ष वुड्रो विल्सन यांनी ८ जानेवारी १९१८ रोजी जाहीर केलेल्या चौदा कलमांपैकी शेवटचे कलम अशा संघटनेविषयी होते. पॅरिसच्या तह परिषदेत त्यांच्याच अध्यक्षतेखालील समितीने सनदेचा मसुदा केला. ही २६ कलमांची सनद व्हर्सायच्या तहाचा पहिला भाग म्हणून तहात गुंफली गेली. हा विल्सन यांचा आग्रह होता आणि तोच पुढे भोवला. जर्मनीच्या लेखी राष्ट्रसंघ हा लादलेल्या तहाचा पहारेकरी ठरला. अमेरिकन सिनेटने तर नोव्हेंबर १९१९ मध्ये आणि पुन्हा मार्च १९२० मध्ये तहच नामंजूर केला, त्याबरोबर राष्ट्रसंघाचे सभासदत्वही गेले. वास्तुशांत झाली ती यजमानाविना.

रचना साधी होती. सर्व सभासदांची सभा, बड्या राष्ट्रांना कायम जागा असलेले मंडळ (सुरुवातीला ब्रिटन, फ्रान्स, इटली आणि जपान) आणि सरचिटणीसांचे सचिवालय अशी तिची तीन अंगे होती. पहिले सरचिटणीस सर एरिक ड्रमंड. महत्त्वाच्या निर्णयांना एकमत लागे. स्वतःचे सैन्य नव्हते. आक्रमण करणाऱ्या राष्ट्राशी सर्वांनी व्यापार तोडावा असे सोळावे कलम सांगत होते. पण तो तोडायचा की नाही, हे शेवटी प्रत्येक सरकारच ठरवणार होते.

सनद तयार होतानाच एक गोष्ट उघड झाली : समानता सर्वांसाठी नव्हती. एप्रिल १९१९ मध्ये जपानने सनदेत राष्ट्रांच्या समानतेचे तत्त्व घालावे असे सुचवले. त्याचा रोख वंशभेदाकडे होता. समितीतील १७ पैकी ११ मते बाजूने पडली. ऑस्ट्रेलियाचे पंतप्रधान बिली ह्यूज यांचा कडवा विरोध होता आणि ब्रिटनला त्यांना दुखवायचे नव्हते. अध्यक्षपदावरून विल्सन यांनी एकमत नसल्याचे कारण देऊन प्रस्ताव बाजूला सारला. जर्मनी आणि तुर्कस्तान यांच्याकडून काढून घेतलेल्या मुलखांचाही निकाल असाच लागला. त्यांना वसाहती म्हणायचे नाही, तर बाविसाव्या कलमानुसार तेथील लोकांचे हित हा ‘सुसंस्कृत जगाकडे सोपवलेला पवित्र ठेवा’ मानायचा, असे ठरले. कारभाराच्या या अधिकाराला ‘मँडेट’ म्हणत. इराक आणि पॅलेस्टाइन ब्रिटनकडे, सीरिया आणि लेबनॉन फ्रान्सकडे, नैर्ऋत्य आफ्रिका (आजचा नामिबिया) दक्षिण आफ्रिकेकडे, तर विषुववृत्ताच्या उत्तरेकडील जर्मन बेटे जपानकडे गेली. जेत्यांना मुलूख मिळाला तो मिळालाच. फरक एवढाच की दरवर्षी जिनीव्हाला अहवाल धाडावा लागे आणि तेथील आयोग प्रश्न विचारी. हा फरक अगदीच क्षुल्लक नव्हता, हे नोंदीच्या शेवटी दिसेल.

भारताचे सभासदत्व ही या सगळ्यातली सर्वांत चमत्कारिक बाब. नव्या सभासदासाठी स्वयंशासनाची अट होती, पण मूळ सभासदांच्या यादीत भारताचे नाव आधीच होते. युद्धात भारतीय सैन्य आणि पैसा ओतला गेला होता, त्याची ही पोच. तहावर भारतातर्फे सह्या झाल्या त्या भारतमंत्री एडविन माँटेग्यू आणि बिकानेरचे महाराजा गंगासिंह यांच्या. त्याच सुमारास लोकमान्य टिळक लंडनमध्ये होते. दिल्ली काँग्रेसने (१९१८) तह परिषदेसाठी प्रतिनिधी म्हणून गांधीजी आणि हसन इमाम यांच्यासह त्यांची निवड केली होती, पण पॅरिसला जाण्याची परवानगी सरकारने दिली नाही. टिळकांनी मार्च १९१९ मध्ये परिषदेचे अध्यक्ष क्लेमांसो यांना पत्र लिहून भारताला स्वयंनिर्णयाचा हक्क मागितला. मागणी विचारात घेतली गेली नाही. पुढे भारताचे प्रतिनिधी सरकारच नेमत राहिले. नवानगरचे जामसाहेब, म्हणजे क्रिकेटवाले रणजितसिंहजी, १९२० च्या पहिल्याच सभेला होते. १९३७ मध्ये सभेचे अध्यक्षपद आगाखानांकडे आले. मानाच्या खुर्च्या मिळाल्या, सत्ता दिल्ली-लंडनलाच राहिली.

तरी हे सभासदत्व निव्वळ शोभेचे होते असे म्हणणे बरोबर नाही. सनदेबरोबरच जन्मलेल्या आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेचाही भारत सभासद होता. तिच्या १९१९ च्या वॉशिंग्टन परिषदेला भारतीय कामगारांचे प्रतिनिधी म्हणून सरकारने भारत सेवक समाजाचे ना. म. जोशी यांना पाठवले. मुंबईत सोशल सर्व्हिस लीगमार्फत ते गिरणी कामगारांमध्ये काम करत. परिषदेने आठवड्याला ४८ तासांचे काम मान्य केले. भारतासाठी मात्र ६० तासांची वेगळी मर्यादा ठेवली आणि ती १९२२ च्या कारखाना कायद्यात आली. सवलत कामगारांपेक्षा मालकांना जास्त मिळाली, पण आठवड्याच्या तासांना प्रथमच कायद्याचे कुंपण पडले. कामगारांना न विचारता सरकारने त्यांचा प्रतिनिधी कसा नेमला, हा वादही लगेच उठला. ३१ ऑक्टोबर १९२० रोजी मुंबईत अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेस भरली, त्यामागच्या कारणांत हे एक होते.

पहिल्या दशकात राष्ट्रसंघाने काही तंटे खरोखर मिटवले. ओलांद बेटांवरून फिनलंड आणि स्वीडन यांच्यात पेटलेला वाद १९२१ मध्ये सुटला : बेटे फिनलंडकडे, पण तेथील स्वीडिश भाषेला संरक्षण. १९२५ मध्ये ग्रीक सैन्य बल्गेरियात घुसले, तेव्हा मंडळाने दटावताच ते माघारी गेले आणि ग्रीसला भरपाई द्यावी लागली. दोनच वर्षांपूर्वी इटलीने ग्रीसच्या कॉर्फू बेटावर तोफा डागल्या होत्या. त्या वेळी मात्र भरपाई ग्रीसनेच भरली. ग्रीसला हा न्याय समजणे अवघड गेले असणार.

युद्धकैद्यांची घरवापसी नॉर्वेचे ध्रुवप्रदेश संशोधक फ्रित्यॉफ नान्सेन यांच्याकडे होती. चार लाखांहून अधिक कैदी त्यांनी मायदेशी पोहोचवले. देश गमावलेल्या निर्वासितांसाठी १९२२ मध्ये निघालेला ‘नान्सेन पासपोर्ट’ पुढे पन्नासहून अधिक सरकारांनी मानला. राष्ट्रसंघाच्या आरोग्य संघटनेने १९२५ मध्ये सिंगापूरला कार्यालय उघडले. आशियाई बंदरांतील प्लेग, पटकी आणि देवीच्या बातम्या तेथे तारेने येत आणि सर्वत्र कळवल्या जात. आजच्या जागतिक आरोग्य संघटनेची काही मुळे येथे आहेत.

राष्ट्रसंघाची घसरण ईशान्य चीनमधील मांचुरियापासून धरतात. सप्टेंबर १९३१ मध्ये जपानी सैन्याने तो प्रांत बळकावायला सुरुवात केली. चौकशीसाठी लॉर्ड लिटन यांचा आयोग गेला. हे बंगालचे माजी गव्हर्नर आणि १८७८ चा देशी वृत्तपत्र कायदा आणणाऱ्या व्हाइसरॉय लिटन यांचे चिरंजीव. अहवाल यायला ऑक्टोबर १९३२ उजाडला. तोवर मांचुकुओ नावाचे बाहुले राज्य उभे राहिले होते. फेब्रुवारी १९३३ मध्ये सभेने ४२ विरुद्ध १ मतांनी अहवाल स्वीकारला. ते एक मत जपानचे. जपानी शिष्टमंडळ उठून गेले आणि पुढच्याच महिन्यात जपानने राजीनामा दिला. त्याच वर्षी हिटलरचा जर्मनीही बाहेर पडला.

अ‍ॅबिसिनियाचे (इथिओपिया) प्रकरण याहून लाजिरवाणे. ऑक्टोबर १९३५ मध्ये इटलीने या सभासद राष्ट्रावर हल्ला केला. निर्बंध लागले, पण खनिज तेल वगळून. सुएझ कालवा इटलीच्या जहाजांना खुलाच राहिला. हिटलरविरुद्ध मुसोलिनी हाताशी असावा म्हणून ब्रिटन आणि फ्रान्स यांचे परराष्ट्रमंत्री अ‍ॅबिसिनियाचा मोठा भाग देऊन टाकण्याच्या गुप्त योजना आखत होते. ३० जून १९३६ रोजी सम्राट हैले सेलासी जिनीव्हाच्या व्यासपीठावर उभे राहिले, तेव्हा इटालियन पत्रकारांनी शिट्ट्या वाजवल्या. पुढच्या महिन्यात निर्बंध उठले. एकमताची अट किंवा सैन्याचा अभाव ही कारणे सांगितली जातात; पण येथे निर्बंध लावण्याइतके मतैक्य होते आणि ब्रिटनचे आरमारही भूमध्य समुद्रात होते. नियम मोडणारा स्वतःच मंडळावर बसलेला असला की काय करायचे, हे सनद लिहिणाऱ्यांनी ठरवलेच नव्हते. संयुक्त राष्ट्रसंघाची सनद घडवणाऱ्या १९४५ च्या सॅन फ्रान्सिस्को परिषदेने याचे उत्तर बड्या राष्ट्रांच्या नकाराधिकाराच्या (व्हेटो) रूपात दिले. म्हणजे प्रश्न सोडवला नाही, मान्य केला.

फिनलंडवरील हल्ल्याबद्दल सोव्हिएट संघाला डिसेंबर १९३९ मध्ये काढून टाकले गेले. त्यानंतर राष्ट्रसंघ जवळजवळ निपचित होता. एप्रिल १९४६ च्या शेवटच्या सभेने इमारत, ग्रंथालय आणि दप्तर संयुक्त राष्ट्रसंघाच्या स्वाधीन केले. मँडेट मात्र राष्ट्रसंघाहून जास्त जगले. दक्षिण आफ्रिकेने नैर्ऋत्य आफ्रिका आपल्यात विलीन करू पाहिली. तेव्हा हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयाने १९५० मध्ये सांगितले की राष्ट्रसंघ गेला तरी जबाबदारी उरते. त्याच धाग्याला धरून लढा चालला आणि १९९० मध्ये नामिबिया स्वतंत्र झाला. जपानकडे सोपवलेल्या बेटांपैकी पलाऊ, दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकेच्या विश्वस्त कारभाराखाली राहून, १ ऑक्टोबर १९९४ रोजी मोकळे झाले.