भेकराची सहा गुणसूत्रं

सह्याद्रीच्या रानात रात्री कुत्र्यासारखं भुंकणं ऐकू आलं, तर ते भेकर असण्याची शक्यता बरीच. या बुजऱ्या हरणाने १९७० साली जीवशास्त्रज्ञांना चांगलंच चक्रावून सोडलं. डोरिस वर्स्टर आणि कर्ट बेनिर्श्के यांनी भारतीय भेकराची गुणसूत्रं, म्हणजे पेशीतल्या डीएनएच्या गुंडाळ्या, मोजली, तर मादीत अवघी ६ आणि नरात ७ निघाली. सस्तन प्राण्यांतला हा सगळ्यात लहान आकडा. त्याच्या चिनी भाऊबंदाकडे मात्र ४६. (माणसातही ४६ असतात, पण तो निव्वळ योगायोग.)

दोन्ही भेकरं दिसायला मिळतीजुळती आणि डीएनएचा एकूण साठाही जवळपास तेवढाच. म्हणजे हरवलं फारसं काही नव्हतं, मुख्यतः बांधणी बदलली होती. १९७५ मध्ये टी. सी. शू, सेन पाठक आणि त्यांच्या सहकाऱ्याने तर्क मांडला की, पूर्वजाची लहान लहान गुणसूत्रं टोकाला टोक जुळत गेली असावीत. पुढे १९९०च्या दशकात सांध्यांच्या जागी जुना पुरावा सापडला. एरवी गुणसूत्राच्या टोकाला असणारी टीटीएजीजीजी ही डीएनएची अक्षरमाळ इथे चक्क मधोमध अडकून पडली होती. आपल्या म्हणजे माणसाच्या क्रमांक दोनच्या गुणसूत्रातही असाच एक सांधा आहे, तो १९९१ मध्ये सापडला. आपला एकच, भेकराचे किती?

ते मोजायला सूक्ष्मदर्शक पुरेना. २०२० मध्ये दोन्ही भेकरांचे जीनोम (म्हणजे संपूर्ण डीएनएचा मजकूर) इतर हरणांच्या आणि गायीच्या जीनोमशेजारी ठेवले गेले, तेव्हा हिशोब लागला. हरीणकुळाच्या पूर्वजाकडे ७० गुणसूत्रं होती. गुणसूत्रं जोडीने असतात, म्हणून एक जोडणी झाली की संख्या दोनाने घटते. भेकरांच्या समाईक पूर्वजात ६ जोडण्या झाल्या आणि संख्या ५८ वर आली. सुमारे ५० लाख वर्षांपूर्वी वाटा फुटल्या. चिनी भेकरात आणखी ६ जोडण्या, म्हणून ४६. भारतीय भेकरात तब्बल २६, म्हणून ६.

जनुकशास्त्राने उत्क्रांती ‘सिद्ध केली’ असं सर्रास लिहिलं जातं. मला ते अर्धवट वाटतं. नुसता भेकराचा जीनोम वाचून यातलं काहीच कळलं नसतं. नात्यातले प्राणी शेजारी ठेवले म्हणून कोणती जोडणी आधीची नि कोणती नंतरची, हे उलगडलं. त्या २६ जोडण्यांपैकी एक तर अशी निघाली की, हरणांच्या वंशात पूर्वी तुटून वेगळे झालेले दोन तुकडे भेकरात पुन्हा एकत्र आले होते.