‘४२०’ लागलं म्हणजे अटक ठरलेलीच?

‘फसवणुकीचा गुन्हा नोंदला की अटकपूर्व जामीन मिळतच नाही’ हा मेसेज बरीच वर्षं फिरतोय. तसं नाही.

जुन्या भारतीय दंड संहितेतलं फसवणुकीचं कलम ४२० आता भारतीय न्याय संहितेत कलम ३१८(४) आहे. गुन्हा अजामीनपात्र, शिक्षा ७ वर्षांपर्यंत. पण अजामीनपात्र म्हणजे जामीन हक्कानं मिळत नाही एवढंच. कोर्ट तो देऊ शकतं. अटकेची भीती रास्त असेल तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी कामकाजाचा कायदा) कलम ४८२ खाली सत्र किंवा उच्च न्यायालयात अटकपूर्व जामिनाचा अर्ज करता येतो.

खरा मुद्दा हेतूचा. तासगावच्या एखाद्या व्यापाऱ्यानं बेदाणा उचलला, दोन हप्ते दिले, भाव पडल्यावर तिसरा थकवला, तर ही बहुधा साधी उधारी, दिवाणी दाव्याची. तोच माल खोट्या फर्मच्या नावानं, पैसे बुडवायचं आधीच ठरवून नेला असेल तर? मग ‘आमचं भांडण दिवाणी आहे’ एवढ्यानं भागत नाही. (दिवाणी दावा चालू असला की फौजदारी गुन्हा होत नाही, हाही गैरसमजच.)

आपलं प्रकरण यात कुठं बसतं ते पडताळायचं तर एफआयआरची प्रत घ्या, कलमं बघा. सौद्याची तारीख, पावत्या, बँकेतल्या नोंदी ओळीनं लावा. अटक गरजेची नसेल तर पोलिसांकडून नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५(३) ची नोटीस येते. ती आली तर हजर राहा. टाळलीत तर अटकेला कारण मिळतं.